कपिलधारला मोहोळ उठलं

आमच्या घरात दिवसभर कापड फाटल्याचा आवाज असायचा. पुढच्या ओसरीवर आबांचं दुकान होतं. गिऱ्हाईक मागेल तेवढं कापड लोखंडी गजाने मोजायचं, काठाला कात्रीने जराशी चीर द्यायची आणि मग दोन्ही हातांत धरून टर्रकन फाडायचं. मांजरपाटाचा आवाज जाड, चिटाचा बारीक. माय आत चुलीपुढे बसून नुसत्या आवाजावरून सांगायची, "आज चिटाचं गिऱ्हाईक लई हाय. कुणाकडं तरी लगीन निघालंय." आत भाकरी थापल्याचा आवाज, करडईचं तेल तापल्याचा वास, अंबाडीची आंबट भाजी रटरटायची ती मातीच्या गाडग्यात. दुपारी गिऱ्हाइकी थंडावली की आबा आत येऊन जवसाची चटणी आणि भाकरी खायचे आणि तिथंच भिंतीला टेकून डोळा लावायचे. तेवढाच वेळ घर गप्प असायचं. लहानपण म्हटलं की मला माणसांच्या आधी हे आवाज आठवतात. आता कानाला फारसं ऐकू येत नाही, म्हणूनही असेल.

गाव बालाघाटच्या पायथ्याला होतं. परसदारी उभं राहिलं की डोंगर दिसायचा. पावसाळ्यात हिरवा, दिवाळीनंतर पिवळा आणि शिमग्याच्या सुमाराला जळाल्यासारखा काळपट. त्याच्या अर्ध्या उंचीवर चुन्याने पांढरे केलेले दगडांचे ढीग ओळीने दिसत. ती निजाम सरकारची हद्द. ढिगांच्या खाली आमचं, वर सरकारचं राखीव जंगल. खाली शेण, सरपण, शेळ्या, सगळं चालायचं. वर कुणाची शेळी गेली तर चौकीदार ती कोंडवाड्यात घालायचा आणि शेळीच्या मालकिणीला चार शिव्या घालायचा. आम्ही पोरी सरपणाला त्या ओळीपर्यंत जायचो आणि तिथून वर बघायचो. वर वाघ आहे, अस्वल आहे, पाण्याचा डोह आहे, असं सगळ्याजणी सांगायच्या. पाहिलेलं कुणीच नव्हतं.

मला चौदावं लागलं आणि घरात माझ्या लग्नाचं बोलणं सुरू झालं. त्या काळाच्या मानाने उशीरच झाला होता. शेजारणी मायला विचारायच्या, "गोदीचं कावून लांबवलं वं?" माय म्हणायची, "आमचं पोर अंगावर हाय अजून." पोर म्हणजे माझा धाकटा भाऊ, तेव्हा पाळण्यातला. त्याचा आणि माझ्या लग्नाचा काय संबंध, हे मला कधी कळलं नाही, पण शेजारणींना ते पटायचं.

स्थळ मामाने आणलं. मामाकडे जंगलातल्या गवताचा मक्ता असायचा, त्यामुळे जंगल खात्यातल्या लोकांशी त्याची उठबस होती. अमीनसाहेबांचा, म्हणजे या डोंगरावरच्या सरकारी अंमलदारांचा, मुलगा लग्नाचा आहे, आपल्याच जातीतला, उर्दू-फारशी शिकलाय, बापाच्या वशिल्याने खात्यात चिकटेल, असं त्याने सांगितलं. आबांना अमीनसाहेब हा शब्दच फार आवडला. ते दुकानात गिऱ्हाइकांपुढे तो मुद्दाम दोनदा म्हणायचे. पण अमीनसाहेबांची बायको अवघड होती. तिच्याविषयी मामा आवाज खाली करून बोलायचा. तिने तीन मुली नाकारल्या होत्या आणि आता तिचं म्हणणं असं होतं की बसलेली मुलगी सगळ्याच घरी सारखी दिसते, मान खाली आणि हातात पोह्यांचं ताट. तिला मुलगी चालताना बघायची होती.

"पोरगी बघायलेत का बैल?" आबा म्हणाले.

"दाजी, त्यांचं आयुष्य डोंगरात गेलंय," मामा म्हणाला. "आज या चौकीवर, उद्या त्या चौकीवर. पोरगी दमदार पायजे म्हणतात. कपिलधारचं दर्शन घेऊ, तिथून वरचा राखीव डोंगर दाखवतो म्हणलेत अमीनसाहेब. डोहावर जेवायचं आन दिवेलागणीला घरी. तुमाला कोण न्हेतंय त्या जंगलात?"

हे शेवटचं बोलणं आबांना पटलं. चुन्याच्या ढिगांच्या वर सरकारी इतमामात जायला मिळणार होतं.

मायला येता येणार नव्हतं. आदल्या दिवशी तिने दुधात पीठ मळून दशम्या केल्या, शेंगदाण्याची चटणी कुटली, मिरच्या तळल्या, दह्याचं गाडगं फडक्याने बांधलं. मला म्हणाली, "मान खाली ठेव. फिदीफिदी हसू नको. विचारलं तरच बोल." मी विचारलं, "आन चालू कशी?" ती भाकरी उलटताना थांबली. "चालतीस तशीच चाल," असं म्हणाली आणि चुलीत काटकी सारली.

कार्तिक सरत आला होता. पहाटे छकड्यात बसून निघालो तेव्हा अंगावर शहारे येत होते. आबांनी मला दुकानातलं नवं लुगडं दिलं होतं, गडद जांभळं. त्याची खळ अजून गेली नव्हती आणि चालताना ते कागदासारखं वाजत होतं. घाट चढून कपिलधारच्या देवळापाशी पोचलो तर अमीनसाहेबांची मंडळी आधीच आली होती. अमीनसाहेब बारीक अंगाचे, शेरवानी आणि चष्मा, फार हळू बोलणारे. त्यांचा मुलगा बापाच्या मागे उभा होता. त्याच्याकडे मी पाहिलं नाही. आणि अमीनबाई, दगडाच्या पायरीवर दोन्ही गुडघे पसरून बसलेल्या, अंगाने भक्कम, दातांना मिश्रीचा काळा रंग. मी वाकून नमस्कार केला. त्यांनी माझ्या पाठीवर हात ठेवला, तो आशीर्वादाला असावा असं मला वाटलं, पण त्यांनी माझा खांदा दाबून बघितला.

धबधब्याला अजून पाणी होतं. परवा नातू मला सांगत होता की तिथे आता पावसाळ्यात पाय ठेवायला जागा नसते, गाड्यांची रांग लागते, कणसं भाजणारे बसतात. त्या दिवशी आम्हा सात माणसांशिवाय एक गुरव होता आणि काही वानरं. दर्शन झालं आणि मग करीम चौकीदार पुढे झाला.

करीम म्हणजे गावच्या बायकांना शिव्या घालणारा तोच चौकीदार. आज त्याने छातीवरचा पितळी बिल्ला चिंचेने घासून लख्ख केला होता. हातात काठी घेऊन तो आमच्या पुढे चालायचा, दर थोड्या वेळाने वळून उभा राहायचा आणि काहीतरी दाखवायचा. "ये देखो, धावडा. ये सरकारी नंबर का झाड है. ये देखो, शेर का पंजा." चिखलात खरंच पंजा उमटलेला होता. आबा वाकून वाकून बघायला लागले. मामा माझ्या कानाशी लागून म्हणाला, "वाघ कसला, तरस आसंल. समद्यांना हाच दाखवतो." पण करीम त्या वाघाची गोष्ट इतकी रंगवून सांगत होता, की अमीनसाहेबसुद्धा, ज्यांनी ती नक्कीच पुष्कळदा ऐकली असणार, चष्मा पुसत थांबून राहिले.

वाट अरुंद होती, एकामागे एक चालावं लागे. करीमच्या मागे अमीनसाहेब, मग आबा आणि मामा, मग तो मुलगा, मग मी आणि माझ्या मागे अमीनबाई. ही रांग त्यांनीच लावली होती. सगळी चढण त्यांची नजर माझ्या टाचांवर होती. मध्येच त्यांनी दह्याचं गाडगं माझ्या हातात दिलं. "घे. बघू." जरा पुढे गेल्यावर म्हणाल्या, "दशम्या कुणी केल्या?" मी म्हटलं, "मायनं." "तुला येतात?" "येतात." "दूध कमी पडलंय. वासावरून कळतंय." एवढंच. पुढे नुसता त्यांचा श्वास. मला घरच्या शेळीची आठवण झाली. बाजारात न्यायच्या आधी आबांनी तिला अशीच अंगणात फिरवून बघितली होती. वाईट वाटलं असं म्हणता येणार नाही. सगळ्या मुलींना कुणीतरी बघतच असे. ही बाई निदान काय बघते ते सांगून बघत होती.

माझ्यापुढे त्या मुलाची पाठ होती. सदऱ्यावर दोन खांद्यांच्या मधोमध घामाचा ओला डाग पडला होता आणि तो हळूहळू खाली पसरत होता. एकदा पुढे लवलेली बोराटीची फांदी त्याने हाताने धरून ठेवली, मी पार होईपर्यंत. मागे वळून पाहिलं नाही. मीही मान वर केली नाही. दिवसभरात आमच्यात तेवढंच बोलणं झालं म्हणायचं.

माथ्यावर गवत माझ्या डोक्याच्या वर गेलं होतं, पिवळंधमक, वाऱ्याने एका अंगाला कललेलं. त्यातून बाहेर पडलो आणि पलीकडची दरी दिसली. घर नाही, शेत नाही, धूर नाही. डोंगरामागे डोंगर आणि उतारांवर सीताफळीची झुडपं, फळांनी वाकलेली. मला आठवतं ते असं की इथे माणसाच्या हाताने केलेला एकही आवाज नव्हता. मी तोवर अशा ठिकाणी कधी उभी राहिले नव्हते. अमीनबाई माझ्या शेजारी आल्या, पदराने तोंड पुसलं आणि म्हणाल्या, "पहिल्यांदा आले तवा मी रडलेते हितं. वाटलं, कुठं आणून टाकलं मेल्यांनी. तू न्हाई रडलीस." मी म्हटलं, "न्हाई." त्या म्हणाल्या, "हं."

डोह कड्याच्या पोटात होता. वरून पाण्याची एक धार पडायची आणि खाली काळंशार पाणी. करीमने कड्याकडे बोट दाखवलं. उंचावर, दगडाच्या पोटाला, काळी घोंगडी वाळत घातल्यासारखं काहीतरी लटकत होतं. "आग्या मोहोळ," तो म्हणाला. "हर साल आते. कुछ नै करते. अपने काम से काम." आम्ही जेवलो. दशम्या सगळ्यांनी खाल्ल्या, अमीनबाईंनी सगळ्यांत जास्त. मग करीमने झुडपांतली पिकली सीताफळं आणली आणि आम्ही ती फोडून खाल्ली. अमीनबाई बिया लांब, नेम धरल्यासारख्या पाण्यात थुंकत होत्या. आबांना त्याची गंमत वाटत होती, पण हसावं की नाही ते कळत नव्हतं.

अमीनसाहेबांना जेवणानंतर चहा लागायचा. आमच्या घरी तेव्हा चहा आला नव्हता, म्हणून मला तो कसा करतात ते बघायचं होतं. करीमने तीन दगड मांडले आणि काटक्या पेटवल्या. काटक्या ओल्या होत्या. धूर फार झाला, पण वारा तो दरीकडे नेत होता. नेहमी तो तिथंच चूल मांडायचा असं नंतर सगळ्यांनी सांगितलं आणि मला ते खरं वाटतं. वारा फिरेल हे कुणाला माहीत असणार? तो फिरला. धूर सरळ उभा राहिला आणि कड्याला जाऊन भिडला.

आधी नुसता आवाज आला. लांबून बैलगाड्यांची मोठी रांग येत असावी तसा. करीमने वर पाहिलं आणि चहाचं भांडं लाथेने उडवलं. "पानी में! पानी में कूदो!"

सगळे उठून पळाले. मीही उठले. डोह काही लांब नव्हता, पण मध्ये बोराटी होती आणि त्या नव्या, खळ न गेलेल्या लुगड्याचा काष्टा काट्यांत अडकला. ओढला तर फाटेना. आमच्या दुकानात दिवसभर कापड फाटायचं आणि तेव्हा फाटेना. मी तोंडावर पडले. मान वर केली तर तो मुलगा माझ्यापासून दोन हातांवर होता. पळता पळता थांबला होता, मागे वळून माझ्याकडे बघत होता. आम्ही पहिल्यांदा एकमेकांचं तोंड पाहिलं ते तेव्हा. मिसरूड फुटलेलं, पांढरं पडलेलं तोंड. त्याच्या गालावर एक माशी बसली. त्याने ती झटकली आणि तो वळून पळाला. पाण्यात पडल्याचा आवाज मी ऐकला.

मग माझ्या अंगावर काहीतरी भलंमोठं आदळलं. मला वाटलं दरड कोसळली. त्या अमीनबाई होत्या. त्यांनी माझं डोकं आपल्या छातीखाली दाबलं, पदर ओढून माझ्या हातांवर, मानेवर घातला आणि सगळं वजन टाकून दिलं. "हलू नको. हलू नको गं. मेलीस तरी हलू नको." मला श्वास घेता येईना. तोंडात माती गेली होती. मिश्रीचा, घामाचा, सीताफळाचा वास. वरून मोहोळाचा आवाज आणि त्यातूनच त्यांचं कण्हणं, आणि कण्हता कण्हता त्या शिव्या देत होत्या, करीमला, चहाला, नवऱ्याच्या नोकरीला, निजाम सरकारला. माझे पाय बाहेर राहिले होते. तिथे विंचू चावल्यासारखं एकदा झालं, दोनदा झालं, मग मोजायचं सोडलं. मी ओरडले नाही. धीराची होते असं नाही, तोंडात माती होती.

किती वेळ गेला सांगता येत नाही. शेवटी करीम ओलं घोंगडं पांघरून पाण्याबाहेर आला, पेटत्या गवताचे पेंढे आमच्या भोवती टाकून त्याने दाट धूर केला आणि माश्या हटल्या. त्याने आणि मामाने अमीनबाईंना माझ्या अंगावरून उचललं. त्यांचा चेहरा ओळखू येत नव्हता. डोळे मिटून गेले होते, ओठ सुजले होते, मानेवर आणि पाठीवर काटेच काटे. अमीनसाहेब शेरवानीसकट भिजलेले, चष्मा हरवलेला, बायकोचा हात चाचपत होते आणि एकसारखं म्हणत होते, "या अल्ला, या देवा." आबा पाण्यात गळ्यापर्यंत बसून होते. मामाने दोनदा हाक मारली तेव्हा बाहेर आले.

घोंगड्याची झोळी करून त्यांना खाली आणलं. झोळीचा एक कोपरा त्या मुलाने धरला होता. उतरणीवर तो कोपरा सारखा खाली यायचा आणि करीम त्याला म्हणत होता, "पकडो बेटा, पकडो." कपिलधारच्या देवळापाशी गुरवाने चुना दिला, तो लावला. तिथे अमीनबाईंना शुद्ध आली. माझ्या तळव्यांना मी चुना लावत बसले होते, तिकडे तोंड करून, डोळे उघडत नव्हते तरी, त्या म्हणाल्या, "पोरगी कुठंय?" मामा म्हणाला, "हाय की हितंच." त्या म्हणाल्या, "पडली ती. पायात जोर न्हाई." आणि मग, "पर वरडली न्हाई. चालंल."

मी घरी आल्यावर मायने पाय बघितले, हळद लावली आणि सगळं विचारून घेतलं. मी जसं झालं तसं सांगितलं. आबा दुकानात जाऊन बसले. गिऱ्हाईक नसताना ते कापडाचे तागे उलगडून पुन्हा गुंडाळत होते.

चार-सहा दिवसांनी मामा आला. अमीनबाईंचा ताप उतरला होता, डावा डोळा अजून नीट उघडत नव्हता. आणि निरोप होता, मुलगी पसंत आहे. आबा ओसरीवरून उठून आत आले. मी चुलीपाशी होते, माय पाळणा हलवत होती.

"असल्या पळपुट्याला मी पोरगी देऊ?" आबा म्हणाले. "पोरगी पुढ्यात पडलेली बघून पळाला त्यो. उद्या घरात चोर शिरला तर हा बायकू टाकून भिताडावरून उडी मारंल. न्हाई म्हणून सांग."

"समदेच पळाले, दाजी," मामा म्हणाला. "मीबी पळालो."

"तुझी गोष्ट न्यारी."

मायने पाळणा थांबवला. "आन तुमी कुठं होतात वो?" तिने विचारलं. रागाने नाही. दुकानातला एखादा जिन्नस कुठे ठेवलाय असं विचारावं तसं.

दोरीवरचं धोतर आबांनी उगीच नीट केलं. मला त्यांच्याकडे बघवेना. त्यांच्यावर माझा राग नव्हता, आजही नाही. माणसाचे पाय त्याला न विचारता पळतात, हे मी त्या दिवशी पाहिलं होतं. माझे पळाले नाहीत ते काट्यांमुळे.

मी तोवर घरात मोठ्यांच्या मध्ये बोलले नव्हते. तेव्हा बोलले. "मला जायचंय त्या घरी."

माय वळली. "त्या पोरासाठी?"

"न्हाई. त्या बाईसाठी."

मामा मोठ्याने हसला. आबांनी मामाकडे पाहिलं, मग मायकडे, आणि दुकानात निघून गेले. जरा वेळाने कापड फाटल्याचा आवाज आला. मायने पाळण्याची दोरी पुन्हा धरली आणि मला म्हणाली, "सासू म्हंजी काय रोज अंगावर पडून माश्या झेलती का गं?" पण माघात लग्न झालं.

आत्याबाईंनी, म्हणजे अमीनबाईंनी, पुढे रोज माश्या झेलल्या नाहीत, हे खरंच. माझ्या हातच्या प्रत्येक भाजीत काहीतरी कमी असायचं. भांडं कसं घासायचं, कुणाशी किती बोलायचं, सगळं त्यांच्या मनासारखं. डावा डोळा कायम पाझरायचा, तो पुसता पुसता त्या मला बोलायच्या. दोनदा मी माहेरी निघून जायला गाठोडं बांधलं आणि दोनदा त्यांनी ते सोडून आतल्या लुगड्यांच्या घड्या नीट नाहीत म्हणून त्या पुन्हा घातल्या. आमची बदली होईल तिथे आम्ही गेलो, बहुतेक डोंगरातच. जेवायला आम्ही दोघी बरोबर बसायचो, पुरुषांचं झाल्यावर, एका ताटात भाकरी मोडून. अशाच एका दुपारी मी त्यांना विचारलं, "आत्याबाई, त्या दिशी तुमी माघारी कावून आलात?"

"आता पडली व्हतीस म्हणून."

"तुमचा लेकबी होता की तिथं."

"त्याला पाय व्हते," त्या म्हणाल्या. "चटणी दे इकडं."

ह्यांच्याविषयी सांगायचं तर माणूस सौम्य होता. खात्यात चिकटले, मुलं झाली, वाढली. मला लिहायला ह्यांनीच शिकवलं, आधी उर्दू आणि मग स्वतः अडखळत मोडी. चौकीवर कुणी शिकारीच्या गोष्टी सांगायला लागलं की हे उठून आत यायचे. कपिलधारचा विषय आमच्यात कधी निघाला नाही. मीही काढला नाही. आमच्यात भांडण नव्हतं, अबोला नव्हता, पण पुष्कळ घरांत नवरा-बायको जसे थट्टेने बोलतात, तसे आम्ही बोलत नव्हतो. हे माझ्याशी बोलताना नेहमी जरा बाजूला बघायचे. मला वाटायचं, स्वभाव आहे.

आत्याबाई गेल्या तेव्हा माझ्या थोरल्या मुलीच्या लग्नाचं चाललं होतं. तेराव्याला पुष्कळ माणसं आली. करीमसुद्धा आला, म्हातारा, कमरेत वाकलेला, आणि अंगणात बसून पोरासारखा रडला. दुपार कलली, पंगती उठल्या, मंडळी आपापल्या गावी निघून गेली. मुलं बाहेर होती. मी चुलीपाशी उरलेलं अन्न झाकत होते आणि हे येऊन स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर बसले. तिथे बसायची ह्यांची रीत नव्हती.

"आता काय करणार तू?" ह्यांनी विचारलं.

"काय करणार म्हंजे? भांडी घासणार."

"तसं न्हाई." हे म्हणाले. "तू आईसाठी आलीवतीस या घरात. तुझ्या मामानी लग्नाच्या पंगतीतच सांगितलं मला, हसत हसत. आता आई न्हाई."

माझ्या हातात झाकण तसंच राहिलं. इतक्या वर्षांत हे वाक्य ह्यांच्याजवळ होतं. मी दोनदा गाठोडं बांधलं तेव्हाही, मुलं झाली तेव्हाही, मला अक्षरं गिरवायला बसवलं तेव्हाही.

"एवढी वर्षं बोलला न्हाईत ते," मी म्हटलं.

"काय बोलायचं? खरंच हाय की. मी बघितलं तुला, आन पळालो."

खोटं बोलता आलं असतं. मला ते नको होतं. ह्यांच्याकडे पाहिलं तर हे माझ्याकडे सरळ बघत होते, आणि मला त्या वेळी दिसलं की ह्यांचा उजवा डोळा डाव्यापेक्षा जरासा बारीक आहे. इतकी वर्षं मला ते माहीत नव्हतं.

"जेवलात का?" मी विचारलं.

"न्हाई."

"मीबी न्हाई. हात धुवा."

मी दोन ताटं घेतली आणि समोरासमोर मांडली. त्या घरात आम्ही तसे कधी बसलो नव्हतो. मुलं आत आली, आम्हाला बघून परत बाहेर गेली. आम्ही जेवायला लागलो. माझ्या ताटात मीठ वाढायचं राहिलं होतं, ते ह्यांनी वाढलं.